चर्चचे उदार देणगीदार

तुम्ही पगाराच्या कामाला कंटाळलात ना? मग माझं फुकटातलं काम ऐका.

आमचा साहेब इंग्लंडच्या एका खेड्यातला. त्याला गावाच्या आणि तिथल्या चर्चच्या इतिहासाची पुस्तिका काढायची होती. टायपिंग, फोटो, सगळं माझ्या गळ्यात. शुक्रवारी ऑफिस अर्धाच दिवस, सुट्टीचा उरलेला अर्धाही यातच गेला. नाही कसं म्हणणार? कॉन्ट्रॅक्ट रिन्यूअलवर सही त्याचीच. तीन महिने इथे आखातात, सिलिकॉन ओएसिसमधल्या ऑफिसात बसून त्या गावाची आठशे वर्षं टाइप केली.

शेवटी चर्चच्या फरशांचे फोटो उरले. प्रत्येक फरशीवर नाव कोरलेलं. मला वाटलं, आपल्या देवळात असतात तसेच देणगीदार. इतका दमलो होतो की विचारलंच नाही. वर ‘आमचे उदार देणगीदार’, मध्ये सगळी नावं, खाली ‘यापुढेही असंच सहकार्य लाभो’. म्हटलं, खलास!

साहेबाने वाचलं, चष्मा काढला.

"अरे, ही माणसं त्या फरशांखाली पुरलेली आहेत. अजून काय सहकार्य करायचं त्यांनी?"

तीन महिने मीही स्वतःबद्दल हेच विचारत होतो. पण सही बाकी होती, म्हणून म्हणालो, "सॉरी सर."