उत्तर कमीच येतं

गोराईला जायच्या बोटीसाठी रांगेत माझ्या पुढे दोघी उभ्या होत्या. सॅकवाली केतकी, आणि तिची शिकवणी घेणारी दीप्तीताई.

"काय गं केतकी, मॅथ्सची ओरल कशी झाली? ट्रॅपेझॉइडल रूल विचारला का?"

"विचारला ना. सरांनी फळ्यावर कर्व्ह काढला. म्हणाले, पट्ट्या पाडून एरिया काढला तर उत्तर खऱ्यापेक्षा जास्त येईल की कमी?"

"कमी! पट्टीची वरची बाजू सरळ, ती कर्व्हच्या खालीच राहते. कितीदा सांगितलंय मी."

"मी तेच सांगितलं, ताई."

"मग झकास!"

"पण तू नेहमी डोंगर काढायचीस. सरांनी खाली झोळ पडलेला काढला. आमच्या दारात जाळी सुकवायची दोरी असते ना, तसा."

"अगं, मग सरळ रेघ दोरीच्या वरून जाणार. उत्तर जास्त येणार."

"हो ना."

"मी तसा कधी काढलाच नाही गं. पण तुला दिसलं नाही का?"

"लगेच दिसलं. पण तू म्हणाली होतीस ना कमीच येतं. मला वाटलं, माझंच काहीतरी चुकतंय."

"सर काय म्हणाले?"

"हसले. मग विचारलं, हे असलं कोणी शिकवलं?"

"नाव सांगितलंस माझं?"

"छे! म्हटलं, शिकवणीत माझं लक्षच नसतं."

"केतकी..."

"चल ना ताई, बोट लागली."

"तू हो पुढे. मी मागून येणाऱ्या बोटीने येते."