निळी लावू की खरी?

सन्माननीय अध्यक्षमहोदय, व्यासपीठावरील विश्वस्त मंडळी, ज्यांच्या देणगीतून हे सभागृह उभं राहिलं त्या रंगांच्या कारखान्याचे प्रतिनिधी, आज आपण ज्यांना निरोप देत आहोत त्या आमच्या संपादक बाई, बाईंच्या सूनबाई, छापखान्यातले आणि कचेरीतले माझे सहकारी, वाचक बंधुभगिनींनो, आणि अगदी मागे, दाराजवळच्या खुर्चीत बसलेले आमचे पाहुणे, आपणा सर्वांना माझा नमस्कार.

पाहुण्यांचं नाव मला ठाऊक नाही, म्हणून नुसतं पाहुणे म्हटलं. राग नसावा.

बोलायचं ठरलं तेव्हा मी बरेच आढेवेढे घेतले. पण बाईंच्या हाताखाली मी सहसंपादक म्हणून वाढले, उद्यापासून त्यांच्याच खुर्चीत बसायचंय, तेव्हा माझी सुटका नव्हती. भाषण लिहून आणलंय. अध्यक्षांच्या कार्यालयात ते आधी दाखवलंही आहे, त्यांनी दोन वाक्यं सुधारून दिली, त्याबद्दल मी आभारी आहे.

बाईंबद्दल काय सांगावं? आपली संस्था चित्रं, नाटकं, शिल्पं यांच्यावर पुस्तकं काढते हे सगळ्यांना माहीत आहे. पण चित्र सुंदर आहे एवढ्यावर बाईंचं कधी भागलं नाही. चित्रकाराच्या घरात पाणी कुठून येतं? नाटक बंद पाडायला कोण आलं होतं? पुतळ्याच्या चौथऱ्यासाठी कुणाची झाडं गेली? असली पुस्तकं त्यांनी लिहून घेतली, आणि ती लोकांनी वाचली. एकदा कुणीतरी त्यांना विचारलं, "बाई, कलेच्या पुस्तकात राजकारण कशाला आणता?" बाई म्हणाल्या, "मी कुठे आणलं? ते आधीच येऊन बसलं होतं. मी फक्त चहा विचारला."

दुसरी गोष्ट त्यांच्या तीन शब्दांची. शेवटचं प्रूफ तपासून झालं की त्याच्या कोपऱ्यात बाई स्वतःच्या हातानं लिहीत, 'छापायला हरकत नाही'. ते दिसल्याशिवाय फोरमनदादा यंत्राला हात लावत नसत, मग वरून कितीही घाई असो. सूनबाई सांगतात की घरातसुद्धा, "आई, आज बाहेर जेवायचं का?" असं विचारलं तर त्या आधी नीट विचार करतात आणि मग म्हणतात, हरकत नाही. हसा, हसा. हे वाक्य तपासून आलेलं आहे.

आता ज्या पुस्तकाबद्दल माझ्या या कागदावर फक्त 'आगामी' एवढंच लिहिलंय, त्याबद्दल थोडं बोलते. कारखान्याच्या खालच्या अंगाला राहणारे एक चित्रकार वर्षानुवर्षं एकाच वळणावर बसून आपली नदी रंगवत आले. सुरुवातीची चित्रं हिरवट, मग तपकिरी, आणि अलीकडची कधी तांबडी तर कधी जांभळी. म्हणजे वर कारखान्यात ज्या दिवशी जो रंग शिजला, तो. बाईंनी त्यांना लिहितं केलं आणि पुस्तक तयार झालं.

आणि फोरमनदादांनी घोळ घातला. दादा, तुम्ही खाली बघू नका, तुमची चूक मला फार आवडते. दादांचा उभा जन्म रंग जुळवण्यात गेलेला. त्यांना वाटलं, फोटो काढणाऱ्याचंच काहीतरी बिघडलंय. त्यांनी खपून एकेक नदी निळी केली, प्रूफ घेऊन वर आले आणि म्हणाले, "बाई, भलताच रंग आला होता. सरळ केला." बाई इतक्या हसल्या की त्यांना खाली बसावं लागलं. मग विचारलं, "दादा, तुम्ही त्या बाजूला कधी गेला होता?" दादा म्हणाले, "कशाला जाऊ? वास येतो तिकडे." आणि हातातलं प्रूफ पुन्हा निरखून बघू लागले.

गोष्ट तिथेच संपायची. पण ते निळं प्रूफ विश्वस्तांच्या बैठकीत टेबलावर राहिलं आणि अध्यक्षमहोदयांना आवडलं. साहेब, तुमचेच शब्द सांगते, चुकले तर थांबवा. तुम्ही म्हणालात, "यात काय वाईट आहे? डोळ्यांना गारवा वाटतो. हीच ठेवा." बाई म्हणाल्या, "चित्र तसं नाहीये." त्यावर तुम्ही म्हणालात, "नदी तरी कुठे कायम तशी राहणारे? सुधारेल पुढे." सगळे हसले. मीही हसले. बाईंनी प्रूफ उचललं आणि त्याच्यावर काहीच लिहिलं नाही.

कुणी भांडलं नाही हो. आवाजसुद्धा चढला नाही. फक्त दाराजवळचे ते पाहुणे कचेरीत यायला लागले.

पाण्याच्या पिंपाशेजारी स्टूल आहे, त्यावर ते बसायचे. वर्तमानपत्र वाचायचे, चहा घ्यायचे, जायचे. शिपाईमामांना वाटलं ते विश्वस्तांकडून आलेत, विश्वस्तांना वाटलं बाईंचे कुणी असतील. विचारायचं कुणी, म्हणून कुणीच विचारलं नाही. एकदा मी बाटली भरत होते तेव्हा ते पेपरातून डोकं वर न काढता म्हणाले, "तुमची मुलगी घरचा जिना फार पळत उतरते. जपा." अगदी घरच्या मामानं सांगावं तसं. मी काय म्हटलं असेल? मी म्हटलं, "हो, थँक्यू."

तेव्हापासून मला नीट झोप नाही. मुलीचा हात धरून जिना उतरते. ती वैतागते, "आई, मी काय कुक्कुलं बाळ आहे का?"

बाईंना सांगितलं. त्यांनी पेन काढलं आणि म्हणाल्या, "तू सांग, आत्ता निळ्यावर लिहून टाकते हरकत नाही." मी विचारलं, "तुम्हाला भीती नाही वाटत?" त्या म्हणाल्या, "मी सारखा चष्मा पुसते तो काय काच मळते म्हणून? घाबरलं की हाताला काहीतरी काम लागतं." आत्ता बघा त्यांच्याकडे.

मग विश्वस्त मंडळींनी सर्वांत सोपा मार्ग घेतला. वाट पाहिली. बाईंचं वय काही थांबणार नव्हतं. आज पुष्पगुच्छ आला, घड्याळ आलं, आणि आपण सगळे टाळ्या वाजवतोय. मघाशी जिन्यात फोरमनदादांनी मला थांबवून विचारलं, "ताई, सकाळी यंत्र सुरू करायचंय. निळी लावू की खरी?" मी म्हटलं, कार्यक्रम झाल्यावर सांगते.

तपासून दिलेलं भाषण त्या 'आगामी'पाशीच संपलं होतं खरं तर. पुढे फक्त उदंड आयुष्याच्या शुभेच्छा आहेत. त्या आहेतच, बाई, मनापासून.

पण ते निळं प्रूफ मी घरी नेलं होतं. मुलीनं बघितलं आणि विचारलं, ही कुठली नदी? मी म्हटलं, आपलीच. ती म्हणाली, आपली अशी नाहीये. मी म्हटलं, तू नीट बघितली नसशील. दुसऱ्या दिवशी शाळेतून आल्यावर ती मला म्हणाली, "आई, मला चष्मा लागलाय का गं?"

अध्यक्षमहोदय, उद्या सकाळी तुम्ही मला खोलीत बोलवाल. चहा सांगाल, मुलीची चौकशी कराल, आणि त्या खोलीत मी निळी म्हणेन. मी मला चांगली ओळखते. म्हणून इथे, एवढ्या माणसांच्या देखत सांगून टाकते, म्हणजे मागे फिरायला जागा उरणार नाही. फोरमनदादा, खरी लावा. खऱ्या रंगांचं प्रूफ माझ्या पिशवीत आहे, त्यावर 'छापायला हरकत नाही' लिहून आणलंय.

बाई, तुम्ही बसा, उठू नका. माझं झालंच.

आपण शांतपणे ऐकून घेतलंत, मी ऋणी आहे. अध्यक्षांचे, विश्वस्तांचे, ध्वनिक्षेपक अजून चालू ठेवणाऱ्या भाऊंचे आभार. लहान तोंडी मोठा घास घेतला असेल, कुणाचं मन दुखावलं असेल, तर पदरात घ्यावं. आणि एक विनंती आहे. दाराजवळची पाहुण्यांची खुर्ची मघाशीच रिकामी झाली, ती मला इथून दिसतेय. माझी मुलगी आत्ता समोरच्या गल्लीत शिकवणीला आहे. जेवणाची पानं जरा थांबू द्या, आणि तुमच्यापैकी जितक्यांना जमेल तितके माझ्याबरोबर तिला आणायला चला.