अण्णांनी सरळ केलेलं कुंपण

माझी शाळा आठवीत सुटली, तेव्हा ऱ्हस्व-दीर्घ चुकलं तर सांभाळून घ्या. शब्दही साधेच आहेत. पण हे सांगितल्याशिवाय राहवत नाही.

मांजरी गावात आमच्या शेताशेजारी आयटीवाल्यांच्या इमारती उठल्या आणि माझे चुलते, अण्णा, आमच्या दोन गुंठ्यांवर हक्क सांगू लागले. कुंपण घालायला गेलो की आडवे यायचे. शेवटी कोर्टाचा निकाल आमच्या बाजूने लागला आणि कुंपणासाठी पोलीस बंदोबस्त मिळाला, पण एकाच दिवसाचा.

सकाळी पोलिसांची गाडी आली आणि ती बघून माझे मजूरच उसातून पळाले. मी हवालदारांना विचारलं, "साहेब, आता?"

"आम्ही बंदोबस्ताला आलोय. खड्डे आपले आपण खणायचे."

मी एकटाच पहार घेऊन लागलो. घाई करत होतो, कारण संध्याकाळी गाडी गेली की अण्णा पुन्हा आडवे. ते बांधावर हाताची घडी घालून बघत होते. तिसऱ्या खांबाला त्यांना राहवेना.

"आरं, तिरपा चाललाय. दोरी लाव."

"तुम्हाला काय त्याचं, अण्णा?"

"अपिलात जागा मलाच मिळणार हाय. वाकडं कुंपण मला चालायचं न्हाई."

आणि स्वतःच दोरीचं टोक धरून बसले. हवालदार म्हणाले, "मग आम्हाला कोणासाठी बोलावलंत?"

अंधार पडायच्या आत तार ओढून झाली.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी सगळे खांब हलवून पाहिले. एकही हलला नाही. मग अपील करायला निघालेल्या अण्णांना मोटारसायकलवर मागे बसवलं आणि कोर्टाच्या दारात सोडून आलो.