एक सवासीन कमी

देवरीच्या बसस्टँडवर देवानंद बायकोसाठी घेतलेल्या हिरव्या बांगड्यांचा पुडा मांडीवर धरून बसला होता. ती माहेरी गेली होती, तिला घ्यायला तो बिरसीहून निघाला होता; तिच्या गावची बस यायची होती. बाकड्यावर शेजारी दोन बाया बोलत होत्या.

"हळदीले शामकलाले सांगतलं का?"

"कोनती? ते सिनेमावाली?"

"हो. माहेरी आली हाये ना ते."

"नको माय! दोन सिनेमे केलन, दोन्हीत विधवाच झाली. मंडईच्या जत्रेत पडदा लावला होता, साऱ्या गावानं पाहिलं. तिनं खरंच बांगड्या फोडल्या, कुंकू पुसलन."

"सिनेमाच होता ना तो."

"हात त तिचेच होते. नवरीले तेच हात लावू?"

"तिसऱ्यात सवासीन होती म्हणे."

"तो निघालाच कुठं? अन् मंग कोनी बलावलं नाही तिले."

"नवरा जित्ता हाये ना पन?"

"असन. आमी त नाही पाहिला."

देवानंदनं पुडा घट्ट धरला. आत एक बांगडी पिचली.

"भाऊ, सांभाळा. कोनाच्या हायेत?"

"बायकोच्या."

"नशीबवान हाये बाई! आना ना तिले उद्या आमच्या हळदीले. पाच सवासिनी लागतात, एक कमी पडून राहिली."