पंक बँडवर चिडलेला एकमेव माणूस

आमच्या पंक बँडवर आजवर एकच माणूस चिडला. तेवढं ऐका, मग दुसरा चहा सांगा.

जर्मनीत एक बँड आहे, तो समोर बसलेल्यांचीच टर उडवतो. आमचा गिटारवाला प्रशांत त्यांचा भक्त. म्हणाला, "डोंबिवलीत आपण हेच करू. लोक चिडले, तरच आपण पंक."

पहिलाच प्रोग्राम मिळाला कळव्याच्या एका हळदीत. आम्ही नवरदेवाच्या काकांवर गाणं केलेलं: जमीन विकून तीन गाड्या घेतल्या, पण एकीचीही काच खाली करता येत नाही. गायलो आणि डोळे मिटले. म्हटलं, आता मार बसणार.

काका नाचतच स्टेजवर चढले. "माझा नाव घेतला रं! परत घे!"

मग चिठ्ठ्या सुरू झाल्या. आत्याचं घोरणं घाला, भावजींचं टक्कल घाला. प्रशांत रडकुंडीला आलेला. "अरे, कोणीतरी चिडा रे!"

तेवढ्यात स्टेजवर खुर्ची येऊन आदळली. मागून नवरदेवाचा सख्खा मामा, लालबुंद.

प्रशांतचा चेहरा उजळला. "मामा, गाणं झोंबलं ना?"

"झोंबंल कसा? अख्ख्या गान्यान मामाचा नावच नाय!"