बाभळीच्या डावीकडं

—नाही नाही, दिग्दर्शकच, पण तुम्ही समजताय तसला नव्हे, धनाजीराव. त्यात नाच नाही, नट नाही, नटीही नाही, तेवढी काळजी सोडा. आमचा मल्हार माहितीपट करतो, आणि तेही सहा मजली पडद्यावरचे. सहा मजली—म्हणजे आपली जतची पाण्याची टाकी तिथं उभी केली तर तिलाही मान वर करावी लागेल. येईलच आता. अकराला पोचतो म्हणाला होता—हो, बारा वाजले, पण हे घड्याळ पुढं आहे. घ्या ना चहा. मीच केलाय, साखर पुढंमागं झाली असेल. तुमच्या शिवांजलीचा फोटो बघितला बरं का त्यानं. छान आहे म्हणाला—मुलीलाच म्हणाला असणार, जरी पुढं पाच मिनिटं फोटोतल्या उजेडाबद्दल बोलला.

किती सिनेमे? तीन. किती वर्षांत? बारा. कामचुकार नाही हो, त्या धंद्याची चालच तशी. चाळीस मिनिटांचा सिनेमा आणि त्याला चार वर्षं. मी तहसील कचेरीत छत्तीस वर्षं कारकुनी केली, पण इतका सावकाश चालणारा विभाग सरकारातसुद्धा बघितला नाही. पहिला सिनेमा बर्फावर, दुसरा देवमाशावर. घरात पाणी टँकरचं आणि पोराचा सिनेमा समुद्राचा! मागं आष्ट्याचे पाहुणे आले होते, त्यांनी विचारलं, हिरॉइन कोण? म्हटलं, देवमासा. अर्धा चहा टाकून गेले. तुम्ही निदान बसलाय अजून.

तिसरा मात्र आपल्या मेंढरांवर. शूटिंग आमच्याच माळावर झालं. कॅमेरा कसला, चौघांनी उचलायचा, शिलाई मशीनसारखा खडखडणारा—आणि एका डब्यात फिल्म तीन मिनिटांची. ती संपली की नवी भरायला वीस मिनिटं, तोवर मेंढरं कवठे महांकाळात, तुमच्या दारात! म्हणून पोरानं सगळ्यांना बजावलेलं—मी हात केला की कळप सोडा, मध्ये कुणी यायचं नाही. बिरदेवनं—माझा मेहुणा, मेंढरं त्याचीच—चारशे मेंढरं बांधाआड रोखून धरली. आणि आमची हरणाबाई, मल्हारची आई, मला हळूच म्हणते, "आवं, एवढं नवं मशीन, आन् कुणी भंडारा न्हाई उधळला. आसं कसं चालंल?" आता आपल्यात नवा ट्रॅक्टर भंडाऱ्याशिवाय दारात घेत नाहीत, हे तुम्हाला काय सांगायचं. मी म्हटलं, टाक की चिमूटभर. चिमूटभर म्हणालो होतो मी. मल्हारनं हात केला, मेंढरं सुटली, मशीन खडखडायला लागलं, आणि हिनं "बिरोबाच्या नावानं चांगभलं" म्हणत मूठभर हळद थेट भिंगावर! तीन मिनिटं नुसता पिवळा धूर. कॅमेरावाला परदेशी माणूस—शिंकतोय आणि हात जोडतोय, त्याला वाटलं आपलं स्वागत चाललंय. बिरदेव ओरडला, "दाजी, मशीनला कावीळ झाली की वं!"

हसा, हसा. आम्हीही लय हसलो. मल्हार नाही हसला. "आये, तुला काय कळतं का?"—चारचौघांत, तिच्या सख्ख्या भावासमोर. टाकायला कुणी सांगितलं, ते त्यानं विचारलं नाही. मीही सांगितलं नाही. वरच्याची चूक खालच्याच्या नावावर कशी जाते, ते कचेरीत रोज बघत होतो—घरी पहिल्यांदाच करून बघितलं.

ती मग कॅमेऱ्याजवळ फिरकली नाही. दुसऱ्या दिवशी कळप पुन्हा सोडला, तेव्हा ही पार लांब, बाभळीपाशी उभी. एवढ्या लांबून आपण कशाला त्यात येतोय, असं वाटलं असणार तिला. फोनवर तेवढा तुकडा आहे, धरा. बाभूळ दिसली? तिच्या डावीकडं मुंगीएवढा ठिपका आहे. ती हरणाबाई.

सिनेमा पुरा होईपर्यंत ती गेली. चार वर्षं लागतात म्हटलं ना. असला पडदा जिथं आहे तिथं मल्हार मला दीड दिवसाचा रेल्वेप्रवास करून घेऊन गेला. आता या पडद्यावर जवळून कुणाचा चेहरा घेत नाहीत, नाकावरची पुळी बैलगाडीएवढी दिसते. पण लांबचं माणूस—धनाजीराव, माळ सहा मजली, आभाळ सहा मजली, आणि बाभळीपाशी ही, बरोब्बर हिच्याच उंचीची. पदर वाऱ्यानं जातोय म्हणून दातात धरलेला. मी शेजारच्या खुर्चीवरची पिशवी उचलून मांडीवर घेतली. कशाला उचलली कुणास ठाऊक. मल्हार? तो बाहेर थांबला होता. तो हा सिनेमा बघत नाही. घरीही फारसा येत नाही आता. म्हणूनच म्हटलं, सून आली तर—नाही, तसं नव्हे, तुमची मुलगी मास्तरीण, तिला काय मी राखण करायला मागतोय? मागतोयच म्हणा. आणि खरं सांगू का, आज तुमच्या देखत त्याला सांगणार होतो, भंडारा मीच टाकायला लावला होता म्हणून. पाहुण्यांसमोर तो चिडत नाही—

द्या, द्या, वाजतोय. त्याचाच. हां, मल्हार. कुठं? ...बरं. ...बरं बरं. ...नाही, गेले ते, मगाशीच गेले. ...नाही रे, सांगायचं काही नव्हतं. जेवून घे.

उजेड चांगला पडलाय म्हणे तिकडं.

काय? पुन्हा? आता बघून काय करता... बरं, धरा. ती बाभूळ. डावीकडं. बोट काढा, बोटाखाली गेली. ...नाही ना दिसत? नाहीच दिसायची त्याच्यात. द्या इकडं. एकची एसटी जाईल तुमची.