दुसराही न्या

हलू नकोस, बाळा, मशीन कानाला लागेल. हां — अशीच मान खाली ठेव. भरतीला निघालेला जो तो माझ्याच हातून केस उतरवून घेतो — म्हणे म्हाताऱ्याच्या हाताला गुण आहे. गुण कसला डोंबलाचा!

आरशात बघ. रस्त्यापलीकडच्या भिंतीवर, चित्रात मूठ आवळलेला म्हातारा दिसतोय ना? तो मीच. खालची अक्षरं आरशात उलटी दिसतात — मला पाठ आहेत. ‘एक नेलात, आता दुसराही न्या!’ असं बोललो का मी? बोललो. शब्द न् शब्द माझा. माझा थोरला लढाईत गेल्याची बातमी घेऊन लष्कराचे साहेब आले, सोबत फोटोवाला — आणि मी त्यांच्या अंगावर ओरडलो. अरे, घर धुऊन नेणाऱ्या चोराला बाई म्हणते ना, ‘चूल राहिलीय, तीही न्या!’ — तसं. पण कागदावर आवाज कुठे छापतात?

लोक चित्र बघून रडले. माझ्या पाया पडले. मग मंत्र्यांनी सभागृहात तेच वाचून दाखवलं — एक न्हावी देतो, तर बाकीच्यांनी मागे का राहावं? घरात एक मुलगा ठेवायचा नियम होता, तो त्या दिवशी गेला. टाळ्या रेडिओवर मीही ऐकल्या. तुझाही थोरला भाऊ तिकडे लढाईवरच ना? म्हणून तर तू या खुर्चीत. तुझी आई मला काय म्हणते? — नको, नको सांगूस.

खरं का सांगत नाही म्हणतोस? पलीकडचा शिंपी नुसतं ‘पुरे आता’ म्हणाला — दुकानाला अजून कुलूप आहे. आणि माझा धाकटा... तो कामाला परगावी होता, चित्र बघूनच घरी आला. एकदाच विचारलं त्यानं, ‘बाबा, मनापासून म्हणालात?’ काय सांगणार? नाही म्हटलं तर जायचा नाही, हट्टी आहे — आणि न जाणाऱ्याला भिंतीशी उभं करून गोळी घालतात. म्हटलं, हो. तेव्हापासून बोलत नाही रे माझ्याशी. नुसता पाया पडतो.

मागे वळू नकोस! बाकावर बसलाय तो, तुझ्यानंतर त्याचाच नंबर. मशीन घरघरतंय तोवर त्याला ऐकू जात नाही, म्हणून तर बोलतोय. तुझे केस कधीच उतरले, बाळा — मी आपलं उगाच फिरवतोय.

झालं. ऊठ. पैसे राहू देत. जा म्हणतो ना.

ये रे. बस.